नमिताच्या गणपतीचे डोळे

नाय काका, भिंतीकडे सरून बसा, रंग लागेल. तुमच्या नमिताच्या गणपतीचे फक्त डोळे राहिलेत, आखते आणि देते — पेणहून रोह्याला टेम्पोनं तासभर, वाटेत गडब गावाला खड्डे आहेत तेवढे जपून न्या. तिला सांगा, समीक्षाच्या हातचे डोळे आहेत — नको, सांगू नका, ओळखते ती मला. कशी म्हणजे? आम्ही दोघी तांडवच्या फॅन. तोच, अमेरिकेत कुस्ती खेळतो तो. मी कॉलेजात पहिल्या वर्षाला होते तेव्हापासून — तेव्हा तो तीन मिनिटांत हरायचा, नाव घेणारं कुणी नव्हतं. नमिता आली तो पट्टा जिंकल्यावर. गेल्या दिवाळीत.

उद्या चतुर्थीला तुमच्याकडे दर्शनाला येतोय ना? माहीत आहे मला. त्याच्या कंपनीनं फॅनचं एक घर निवडलं. अर्ज मीही केला होता, अकरा पानी. ठरवून खेळतात म्हणता — पडणं ठरवलेलं असेल, पण गुडघ्याचं ऑपरेशन कोण ठरवून करतं? तेव्हा महिनाभर मी पायात चप्पल नाही घातली. नमितानं काय केलं? फोटो टाकले. आणि त्या फोटोंखाली कुणी रोज सकाळी ‘खोटारडी’ लिहायचं, तेव्हा — रडायची का हो ती? जेवायची नाही? असतं एकेक माणूस. पोलिसांत कशाला जाताय, खोटी खाती असतात ती, दोनच होती — म्हणजे, असतील दोन.

बोलू नका आता, श्वास रोखून ओढावी लागते ही रेघ —

तुमचा फोन वाजला, काका. दचकले मी. बघा, डाव्या डोळ्यातून सोंडेपर्यंत काळी रेघ गेली. मुद्दाम नाय हो. घ्या फोन, तिचाच असेल. मखर झालं म्हणते? त्याची गाडी सकाळीच निघणार? किती हसतेय — इथपर्यंत ऐकू येतंय.

ओल्या कापसानं लगेच पुसलं तर निघतो हा रंग. वाळला की अख्खा चेहरा पांढरा करून पहिल्यापासून, दोन दिवस. कापूस तुमच्या हाताशीच आहे, व्हय, तो डबा — नको, तुम्ही नका हात लावू, मी करते. करते म्हटलं ना. जरा उकडतंय, पंखा इकडे वळवते.

नाय निघत आता.

परवा या, काका.