तिसरा हिस्सा भाजीचा

—तिथून नाही बाई, इकडून मापा, कुंपणापासून. जिल्हा संघाकडून तपासणीला आलात म्हणजे नियम पाठच असणार तुम्हाला— बागेचा तिसरा हिस्सा भाजीचा, नाहीतर बाग काढून घेणार. मी लोथार पीपर, भाड्यानं दिलेल्या बागांच्या या वसाहतीचा अध्यक्ष, एकोणीस वर्षं हेच सगळ्यांना ऐकवतोय. आणि ही बाग राड्केची— हो, तोच, सिनेमावाला. त्या खोपटीत राहतो— म्हणजे राहत नाही हो, राहायला मनाई आहे, बसतो! बसून सिनेमे जोडतो. कॅमेरा स्वतः, संगीत स्वतः, आणि नट? नट आम्ही. पहिला भुताचा, त्यात मी प्रेत. मग प्रेमकथा, मग मधमाश्यांवर माहितीपट, मग त्या काचघरात चंद्रावरची स्वारी— चंद्रावर टोमॅटो दिसले, लोक खो खो हसले, तर हा म्हणतो, ‘हसले ना? मग विनोदी म्हणून लावू!’ बर्लिनचे बडे निर्माते आले होते, म्हणे भुताचेच काढत राहा. यानं त्यांना कॉफी पाजली, आलूबुखाराचा केक खाऊ घातला आणि वाटेला लावलं. एकदा केलं ते परत करायचं नाही— असला हट्टी गडी.

भाजी ना? ही काय! घेवडा, बटाटे, नवलकोल. ओळी बघा कशा सरळ, दोरी लावून— म्हणजे लावली असेल त्यानं दोरी, मला काय माहीत! हात? माझे हात मातीनं भरलेले असणारच, माझीही बाग आहे की. नाही, माझ्याकडे नवलकोल नाही... बरं बाई, हसू नका. मी लावलंय. दर वसंतात मीच लावतो, त्याला गाजर काय नि गवत काय, सारखंच. का म्हणजे? त्या मधमाश्यांच्या माहितीपटात माझी इर्मगार्ड आहे. चार मिनिटं. मला रागावते— ‘टोपी घाल लोथार, टक्कल भाजतंय!’ तिला जाऊन सहा वर्षं झाली. तिच्या वाढदिवसाला राड्के खोपटीत पडदा लावतो आणि मी मुद्दाम बोडक्यानं बसतो. फार बरं वाटतं हो. ही बाग गेली तर रागावून घ्यायला कुठं जाऊ मी?

तुमच्या कागदात भाजी किती, हा रकाना आहे. कोणी लावली, हा आहे? बघा, मागची बाजूही बघा. नाही ना? मग करा सही. आणि या आता.