कॉस्टिकविरहित

—नाही, नाही, हात मागे नको घेऊस, नीट पुढे कर. बघू दे. अगं घाबरतेस काय, मी काय चावणार आहे? हां... हे काय गं हे! बोटांच्या बेचक्यांत सगळं सोलून निघालंय आणि म्हणे ॲलर्जी. कोण म्हणालं ॲलर्जी? तुझा नवरा म्हणाला. वाटलंच मला. आमचे धाकटे राजे — रसायनशास्त्रातला एक शब्द शिकले आणि लगेच कातडीचे डॉक्टरही झाले! ये इकडे, नळाखाली धर. धर म्हणते ना. गार पाणी, धो धो, मी बास म्हणेपर्यंत. आणि हा वास कसला — व्हिनेगर? व्हिनेगर चोळलंस? सोललेल्या कातडीवर? ही कुणाची अक्कल ते विचारायलाच नको. अल्कलीला आम्ल मारतं, एवढं कुठेतरी वाचलं असणार, झालं, बायकोच्या हातावर प्रयोग करून मोकळा. पाणी, बाई, नुसतं पाणी. असल्या जखमेला तेच औषध.

आणि तू आलीस हे बरं केलंस, म्हणजे — बरं केलंस असंही नाही, त्याला न सांगता आली असशील, घरी गेल्यावर तुझंच डोकं खाईल. नणंदेकडे गेलीस, शत्रूच्या गोटात गेलीस! खाऊ दे. वर्ष होत आलं, त्या घरातलं कुणी हा उंबरा ओलांडलेला नाही. मला काय त्याचं? मला काही फरक पडत नाही, मी सकाळी येते, भट्टी लावते, साबण ओतते, घरी जाते. त्याच्या साबणाची वडी आणलीयेस ना? पिशवीत? असू दे, तू हात नको काढूस पाण्यातून, मी घेते. अरे वा, कागद तर बघा! फुलं काय, पानं काय, एक गुटगुटीत बाळ काय, आणि खाली — थांब, चष्मा कुठे गेला — हां. ‘शुद्ध सॅपोनिफाइड तेलांपासून. पूर्णपणे कॉस्टिकविरहित.’ धन्य आहे! वाचवत नाही मला हे. दर वेळी वाचते आणि दर वेळी डोकं सणकतं.

तुला माहितीये सॅपोनिफाइड म्हणजे काय? नाही ना? त्यालाही नाही, तू वाईट वाटून घेऊ नकोस. तेल म्हणजे एक एस्टर — असं बघ, एक ग्लिसरीन आणि त्याला धरून बसलेली तीन आम्लं. आपणहून ती सुटत नाहीत. मग कॉस्टिक सोडा घालायचा पाण्यातून. तो त्या तिघांना सोडवतो, त्यांच्यापासून साबण बनतो आणि ग्लिसरीन मोकळं होतं. या सोडवण्याला म्हणायचं सॅपोनिफिकेशन. संपलं. एवढंच आहे ते. पुस्तकात तर कुठलाही एस्टर अल्कलीनं तोडला की हाच शब्द वापरतात, मग त्यातून साबण होवो न होवो. म्हणजे ‘सॅपोनिफाइड तेल’ म्हणजे काय झालं? कॉस्टिक घालून तोडलेलं तेल! आणि त्याच्याच खाली लिहायचं कॉस्टिकविरहित! ‘भिजवलेले कपडे, पाणी न वापरता’ — असं लिहील का कुणी? पण नाही, लोकांना कॉस्टिक म्हटलं की मोरी साफ करायची पूड आठवते ना, म्हणून मग हा भारदस्त शब्द चिकटवायचा, कुणाला कळत नाही तोवर सगळं छान. तयार वडीत कॉस्टिक उरत नाही, हे खरं. पण कधी उरत नाही? नीट मोजून घातलं तर. ‘उरलेलं नाही’ म्हण की लेका, ‘वापरलेलंच नाही’ कशाला म्हणतोस?

याच्यावरूनच तर वाजलं. तुला त्यानं काय सांगितलंय कोण जाणे — ताईला माझी प्रगती बघवत नाही, ताईला सगळं मुठीत ठेवायचंय, हेच ना? तू मान खाली घातलीस म्हणजे हेच. मी एवढंच म्हटलं होतं, बाबांनी उभ्या केलेल्या या जागेतून खोटा कागद बाहेर जाणार नाही. तर म्हणाला, तू मास्तरीण आहेस, तुला धंदा कळत नाही. मला! मी ऑरगॅनिक केमिस्ट्री घेऊन एम.एस्सी. झाले आणि त्या दिवसापासून या कढईपाशी उभी आहे. हा बाहेर टाय लावून साबणाची जाहिरात शिकून आला, चार मित्रांनी हरभऱ्याच्या झाडावर चढवला, तर मला धंदा कळत नाही! म्हटलं जा बाबा, एक कढई घे आणि जा. गेला. खरंच गेला. मला वाटलं संध्याकाळपर्यंत येईल परत. म्हणजे वाटलं असं नाही, आपलं म्हणतात तसं.

बरं, ही वडी कापते आता. बघत राहा. ही बाटली दिसते ना, ही फिनॉल्फ्थॅलीनची, कॉस्टिक उरलं असलं की रंग चढतो हिनं, कापलेल्या बाजूवर दोन थेंब टाकायचे. चांगल्या साबणावर फार तर फिकट गुलाबी झाक येते, ती चालते. त्याच्या वड्यांवर कायम फिकटच आली आहे. हो, मग? आणते मी. कोपऱ्यावरच्या औषधवाल्याकडून, त्याचा प्रत्येक घाणा बाजारात आला की एक वडी. आता असं बघू नकोस माझ्याकडे. धंद्यात समोरचा काय करतोय ते बघावं लागतं. आणि सांगू नकोस त्याला, पण साबण बरा होता त्याचा. कागद खोटा, साबण खरा. हात बाबांचा आहे त्याला, ओतताना एक बुडबुडा राहू देत नाही. ते जाऊ दे. हे थेंब — अगं बाई!

बघ. बघतेस ना? ही गुलाबी नाही, ही जांभळी झाली. थांब, जिभेला लावते. अगं करतात असं, साबणवाले सगळे करतात, नुसतं टोक टेकवायचं — आई गं! झणका बसला चांगला, विजेच्या सेलला जीभ लावल्यासारखा. हे कॉस्टिक आहे. मोकळं, न संपलेलं कॉस्टिक, सबंध वडीत. आणि हे तू उघड्या हातांनी कापलंस? सगळा घाणा? कापलास, पुसलास, कागदात बांधलास? हातमोजे कुठे होते? संपले होते. वा. आणि आग होत होती तेव्हा? नवीन आहे म्हणून होतंय, सवय होईल, असं म्हणाला. अगं माझे आई, सवय व्हायला ती काय नवी चप्पल आहे?

आता मला सांग, तेल कुठलं होतं? खोबरेलच ना, नेहमीचं? आठव नीट. सूर्यफुलाचं? सगळंच्या सगळं? का, तर बाळांच्या कातडीला मऊ म्हणून. कुठेतरी वाचलं. आणि कॉस्टिक? तेवढंच ठेवलं, नेहमीइतकं... झालं कल्याण! तू नको रडूस, तुला कुठून माहीत असणार. पण त्याला! अगं, प्रत्येक तेलाची भूक वेगळी असते, त्यालाच सॅपोनिफिकेशनचा आकडा म्हणतात, एवढ्या तेलाला एवढी अल्कली. शंभर ग्रॅम खोबरेल अठरा ग्रॅम कॉस्टिक खातं, सूर्यफूल खातं साडेतेरा. उरलेलं कुठे जाईल? कुठे जाणार, वडीत बसून राहणार आणि पहिल्या ओल्या हाताची वाट बघणार. जन्मभर एकाच तेलात काम केलं की असं होतं, प्रमाण पाठ होतं आणि मग ते कशाचं प्रमाण आहे हेच माणूस विसरतो. तो शब्द वडीवर छापलाय त्यानं, ठसठशीत अक्षरांत छापलाय! अर्थ एकदा, एकदाच वाचला असता तर?

असो. वाईटातून एक चांगलं, घाणा घरातच आहे. पुन्हा शिजवला की सुधारतो, वाया जात नाही, सांग त्याला, रॅकवरून एक वडी हलवायची नाही म्हणावं. काय? मोठ्यानं बोल ना, नळ बंद कर तो. रॅकवर नाही. मग कुठे आहे? कुणाकडे? ...बाळंतपणाच्या हॉस्पिटलात? कधी? आज सकाळी. आणि तू मघापासून इथे हात धूत — नाही, नाही, तुझी चूक नाही, मीच बडबडत बसले, शब्दांचे अर्थ सांगत. नवजात बाळांच्या अंघोळीला. पहिल्या अंघोळीला. देवा. सरक, फोन दे. त्याला नको करूस, तो तासभर वाद घालेल आधी, आणि मग शरमेनं उचलणारच नाही. मला नंबर पाठ आहे.

हॅलो? मेट्रनबाई आहेत का? द्या, लगेच द्या, राउंडवर असल्या तरी बोलवा. ...नमस्कार, मी बोलतेय, साबणाच्या कारखान्यातून, हो, ताईच. ऐका, आज सकाळी बाळांच्या साबणाची खोकी आली असतील. एकही वडी वापरू नका. एकही नाही. कॉस्टिक जास्त आहे त्यात, भाजेल. हो, भावाकडून आली, कागद त्याचाच आहे. माल माझा आहे. हो, माझा. त्याला कमी पडला म्हणून मी इथून भरून दिला, त्यानं नुसता कागद लावला, तो माझ्या विश्वासावर राहिला. तेल बदललं आणि आकडा बदलायचा राहिला. माझ्याकडून — तू गप्प बस गं! — नाही, तुम्हाला नाही, इथे एक बाई आल्या आहेत. आधी बघा ना, बाई, कुणी उघडलंय का खोकं. बाकी मग बोला मला काय बोलायचं ते. धरते. धरते मी.

गेल्या बघायला. ...तू बस खाली. मला नको सांगूस मी काय बोलले ते, मला कळतं मी काय बोलले. त्याचं दुकान कालचं आहे, असल्या एका गोष्टीनं मोडून पडेल, हॉस्पिटल म्हणेल भाऊ वेगळा झाला आणि बाळांना भाजायला निघाला, मग औषधवाला, मग सगळेच. माझं जुनं आहे. माझं नाव थोडं खरवडलं तर — इतकी वर्षं यांना सगळा साबण आम्हीच देत होतो, मागच्या वर्षी बाळांच्या साबणाचं तेवढं काम त्याला दिलं त्यांनी, मीच म्हटलं होतं द्या म्हणून, हे त्याला माहीत नाही, तूही ऐकलं नाहीस. मूर्ख आहे तो. लहानपणापासून मूर्ख आहे. आई गेली तेव्हा एवढासा होता, माझ्या पदराला धरून या कढईभोवती फिरायचा, मी एका हातानं ढवळायची आणि दुसऱ्या हातानं त्याला लांब ठेवायची, शिंतोडा उडू नये म्हणून. ...किती वेळ लावतायत. वॉर्ड तो केवढासा. कुणी अंघोळ घातली असेल तर? पाणी घाला म्हणायला हवं होतं, सांगायलाच विसरले बघ — हॅलो, हॅलो?

हो. हं. ...एक खोकं उघडलंय. कुठे? सिस्टरच्या बेसिनवर. एका सिस्टरचे हात... भरपूर पाण्यात धरायला सांगा, दुसरं काही लावू नका. आणि बाळं? बाळांना? ...नक्की ना? एकालाही नाही? संध्याकाळी घालणार होत्या. ...हो. ऐकतेय. हो, ऐकू येतंय मला. बरोबर आहे तुमचं. नाही, मी काही म्हणणार नाही, माझ्याकडचा बाकीचा माल बंद करा, तुमच्या जागी मी असते तरी हेच केलं असतं. फक्त भावाचं काम चालू ठेवा, एवढंच, त्याच्या हातचा साबण चांगला आहे. मी स्वतः येते खोकी न्यायला. येते.

...

झालं. बाळांना काही नाही झालं, एकालाही नाही. आता रडायचं असेल तर रड, पण त्या हातांनी डोळे पुसू नकोस, कळलं? जाताना हातमोजे घेऊन जा, फळीवर आहेत, सगळा डबा घे. आणि फोनचं एक अक्षर त्याच्या कानावर गेलं तर तुझी माझी गाठ आहे. हॉस्पिटलातून माल परत आला, ताई बोलावतेय, एवढंच सांग. उद्या सकाळी ये म्हणावं. भांडायला नको, पाया पडायला नको, तोंड उघडायलाच नको. सगळ्या वड्या किसायच्या आहेत, तेल मोजून पुन्हा शिजवायच्या आहेत, दोघांना पुरेल इतकं काम आहे. मोजणार मी. एप्रन नको आणूस म्हणावं, त्याचा आहे इथे, आत खुंटीला, धुतलेला. काय बघतेस? धूळ बसते, म्हणून धुवावा लागतो अधूनमधून. जा आता, दार ओढून घे.