श्रावणचा राग

वर्ध्याच्या कानाच्या दवाखान्यात पौर्णिमा नंबर यायची वाट पाहत होती. शेजारी सेलूकडचं म्हातारं जोडपं बसलं होतं, श्रावण आणि धुरपता. हळू बोलणं त्यांच्या स्वभावात नव्हतं.

“मले काऊन आनलं इथं? मले सारं ऐकू येते.”

“मंग पिंकी फोन करते, तं बोलत काऊन नाई जी तुमी?”

“राग आहे मले तिचा. मनानं लग्न केलं तिनं.”

“पन जावई तं सोन्यासारखा आहे, तुमीच म्हनता.”

“आहेच.”

“मंग राग कायचा?”

“काय?”

“राग कायचा म्हनलं!”

सगळा दवाखाना वळून पाहू लागला. श्रावणनं टोपी काढली, पुन्हा घातली.

“राग नाई व. फोनवर तिचं काईच समजत नाई मले.”

“आन सांगतलं नाई?”

“बहिऱ्याले लोकं हासतात, रागीट मानसाले भेतात. राग आहे म्हनता म्हनता मलेच खरं वाटाले लागलं.”

“तिकडे पोरगी रडून राह्यली ना जी! आन मी तुमाले मनवाले रोज भरीत केलं!”

“भरीत चांगलं रायते. म्हनून बी बोललो नाई.”

कंपाउंडरनं श्रावणचं नाव पुकारलं.

“जा, बलावलं.”

“तू सांग डाक्टरले.”

“नाई. तुमच्या तोंडानं सांगा.”

तो आत गेला. धुरपतानं घाईघाईनं फोन लावला आणि दाराच्या फटीशी धरला.

“साहेब,” आतून श्रावण ओरडला, “मले ऐकू येत नाई!”

“ऐकलं का व पिंके?”