जादाच्या ओळीतला निळा

(घरापुढच्या मोकळ्या जागेत जुनी गाडी. ड्रायव्हरकडचं दार उघडं. ठमी आत पेडलांपाशी वाकलेली; तिचे वडील बाहेर स्टुलावर, दाराला धरून.)

ठमी : बाबा, इथे उजेडच पोचत नाही. आणि हा क्लच बरगडीत घुसतोय माझ्या.

बाबा : किल्ली काढलीस का आधी?

ठमी : काढली.

बाबा : कुठे आहे?

ठमी : खिशात. दाखवू?

बाबा : दाखवून काय करतेस? मला दिसतंय थोडंच. वाजव.

ठमी : घ्या. ऐकलंत?

बाबा : ऐकलं. कान अजून शाबूत आहेत. आता क्लचच्या वर हात घाल. फ्यूजपेटीचं चपटं झाकण लागेल. दोन्ही कडांना चिमटीत धरून आपल्याकडे ओढ. हिसका देऊ नकोस, त्याचे कान तुटतात.

ठमी : निघालं. अगंबाई, केवढे आहेत हे! लाल, निळे, पिवळे, तपकिरी. आणि सगळे एकमेकांना खेटून.

बाबा : घाबरू नकोस. झाकणाच्या आतून नकाशा आहे बघ. कुठल्या खोबणीत कशाचा फ्यूज, ते त्यावर आहे.

ठमी : मुंगीच्या पायाएवढी अक्षरं आहेत. मोबाइलचा दिवा तोंडात धरू का आता?

बाबा : धर. म्हणजे बडबड तरी थांबेल.

ठमी : मग वाचून कोण दाखवणार? बाबा, खरं सांगू का, हे सगळं कशासाठी चाललंय तेच मला कळत नाही. उद्या भंगारवाला येणार. दादाने ठरवून टाकलंय.

बाबा : म्हणून तर आज.

ठमी : आणि सापडलं काही, तर? आई परत येणार आहे?

बाबा : नाही येणार. पण तुझ्या दादाने चार नातलगांसमोर मला काय म्हटलं, ते तू ऐकलंस ना?

ठमी : तो रागात होता.

बाबा : 'तुम्ही गाडीचे दिवे चालू ठेवलेत, बॅटरी उतरली, आईला वेळेत दवाखान्यात नेता आलं नाही, म्हणून ती गेली.' असं म्हणाला तो. त्या दिवसापासून माझ्याशी एक शब्द नाही. मी ताटावर बसलो की हा उठतो. तो काय राग आहे?

ठमी : बॅटरी उतरलेलीच होती पण, बाबा. त्याने येऊन किल्ली फिरवली तेव्हा टक् सुद्धा झालं नाही.

बाबा : तो आला तेव्हा! त्याच्या आधी मी किती वेळ स्टार्टर मारत होतो? इंजिन फिरत होतं, ठमे. घर्र घर्र फिरत होतं, नुसतं पकडत नव्हतं. बॅटरी मेलेली असती तर फिरलं असतं का? मारून मारून मीच उतरवली ती. हे त्याला सांगितलं, तर म्हणतो, तुम्हाला काय आठवतंय.

ठमी : तुम्ही विसरता, बाबा. गॅस चालू ठेवून झोपला होतात.

बाबा : तेच. सगळ्यांनी मला इतकं विसराळू ठरवलंय, की आता माझाच माझ्यावर भरवसा नाही. अंथरुणावर पडलं की वाटतं, ठेवले असतील आपण दिवे. तुझ्या आईला आपणच मारलं असेल. मला हे घेऊन मरायचं नाही, पोरी. दिवे होते की दुसरं काही, एवढंच बघायचंय. म्हणून गॅरेजवाल्याकडून बॅटरी चार्ज करून आणली. बघ पुढे.

ठमी : बरं. कुठून सुरू करू?

बाबा : आधी हॉर्नचा काढून बघ. सरळ पंपाला हात घालू नकोस. शिक आधी.

ठमी : हॉर्न... हा, कर्ण्याचं चित्र आहे. लाल, त्यावर दहा लिहिलंय. पण हा निघतो कसा? नखाला येत नाही.

बाबा : पेटीतच कोपऱ्यात प्लास्टिकचा चिमटा अडकवलेला असतो. त्याने धर आणि सरळ ओढ. वाकडा ओढलास तर पाय मोडेल.

ठमी : आला. एवढासा जीव!

बाबा : उजेडापुढे धर. मधे नागमोडी तार दिसते का?

ठमी : दिसते. अख्खी आहे.

बाबा : मग तो चांगला. जळलेला असला की तार मधे तुटलेली असते आणि प्लास्टिक आतून काळवंडतं. आता होता तिथेच घाल, दाबून. बसला की हाताला कळतं.

ठमी : बसला. तुम्ही दादाला शिकवायला हवं होतंत हे.

बाबा : त्याला? तो बॉनेट उघडायचा म्हणून डिकी उघडतो. आता पेट्रोल पंपाचं चित्र शोध.

ठमी : पंपच का?

बाबा : किल्ली फिरवली की मागच्या सीटखालून एक बारीक घुंई ऐकू येते. पंप पेट्रोल ओढतो त्याची. त्या दिवशी ती आली का, तेवढंच मला आठवत नाही. शेजारी ती कण्हत होती. मला दुसरं काही ऐकूच येत नव्हतं. इंजिन फिरतंय आणि पकडत नाही, म्हणजे पेट्रोल येत नाही. पेट्रोल येत नाही, म्हणजे पहिला संशय पंपाच्या फ्यूजवर. हे मला त्याच वेळी सुचायला हवं होतं. आयुष्य गेलं माझं ड्रायव्हरकीत. आणि घरच्या वेळी अक्कल गहाण.

ठमी : त्या वेळी कुणाला सुचतं, बाबा?

बाबा : मिळालं का चित्र?

ठमी : मिळालं. दुसरी ओळ, शेवटून... थांबा हं.

बाबा : पंधराचा असेल. निळा.

ठमी : पंधराचा... निळा...

बाबा : काय झालं? ठमे?

ठमी : काही नाही. हात अवघडला.

बाबा : जळलाय का?

ठमी : हो. जळलाय.

बाबा : जळलाय? नक्की?

ठमी : नक्की. तार तुटलीये.

बाबा : देवा. म्हणजे दिवे नव्हते. मी नव्हतो, ठमे. मी नव्हतो ग! दे, हातात दे माझ्या. तुझ्या दादाच्या हातावर ठेवतो तो.

ठमी : पडला तो. खाली कुठेतरी गेला, सीटच्या फटीत. नंतर काढू.

बाबा : आत्ता काढ.

ठमी : बाबा, मी उलटी लटकलेय इथे. आधी नवा घालू का? गाडी चालू होते का ते तरी बघू.

बाबा : घाल. पण पंधराचाच हं. वीसचा नाही, तीसचा तर मुळीच नाही. लोक हाताला लागेल तो ठोकतात. मग फ्यूज वाचतो आणि गाडी जळते.

ठमी : पंधराचा आणू कुठून आता?

बाबा : त्याच पेटीत आहे. अगदी खालची ओळ जादाची. मी तिथे प्रत्येकातला एकेक ठेवतो. त्यातला निळा घे.

ठमी : कुठला घेऊ? दोघांतला कुठलाही चालेल ना?

बाबा : कुठल्या दोघांतला?

ठमी : निळे दोन आहेत इथे.

बाबा : दोन कसे असतील? एक लाल, एक निळा, एक पिवळा. माझ्या हाताने ठेवलेत.

ठमी : मग... असेल तुम्हीच कधीतरी ठेवलेला.

बाबा : नाही. हे मी विसरत नाही. ठमे, माझ्याकडे बघ.

ठमी : कशी बघू, मान अडकलीये.

बाबा : बाहेर ये.

ठमी : बाबा...

बाबा : बाहेर ये म्हटलं ना! हं. आता सांग. तो जळलेला नव्हता. खोबण रिकामी होती. हो ना?

ठमी : हो.

बाबा : कुणीतरी काढला आणि खाली जादाच्या ओळीत लावून ठेवला.

ठमी : मला वाटलं, दादाने. तुम्ही गाडी चालवू नये म्हणून. तुम्हाला कळलं असतं तर तुम्ही त्याला उभा चिरला असतात. आई गेली, आता तुम्ही दोघं तरी... म्हणून म्हटलं जळलाय.

बाबा : दादाने? ज्याला डिकी कुठली आणि बॉनेट कुठलं कळत नाही, त्याने? आणि त्याने काढला असता तर खिशात घालून नेला असता. नाहीतर फेकून दिला असता. काढलेली वस्तू शेजारीच नीट लावून कोण ठेवतं या घरात? बरणीचं झाकण काढलं तर बरणीशेजारीच. बटण तुटलं तर त्याच शर्टाच्या खिशात. 'हरवायला नको' म्हणायची. बोल ना.

ठमी : आईला यातलं काय कळत होतं, बाबा?

बाबा : मीच शिकवलं. एकदा घाटात दिवे गेले. माझे हात ग्रीसने भरलेले. तेव्हा हिनेच टॉर्च धरून, नकाशा वाचून फ्यूज बदलला. तुझ्यासारखीच लटकली होती. एवढी खूश झाली की आठवडाभर शेजारणींना सांगत होती.

ठमी : पण आई असं का करेल?

बाबा : त्या सायकलवाल्याला माझ्या गाडीचा धक्का लागला ना, तेव्हापासून ती माझ्या मागे लागली होती. डोळ्यांचं ऑपरेशन होईपर्यंत चालवू नका. एकदा किल्ली लपवली, तर मी घर डोक्यावर घेतलं. शेजारीपाजारी गोळा झाले. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग काय करणार ती? भांडण नको, तमाशा नको. गाडी बिघडली असंच मला वाटलं असतं. शहाणी बाई.

ठमी : सांगितलं का नाही मग त्या दिवशी? काढून ठेवलाय, एवढंच तर—

बाबा : कसं सांगणार? तोंड वाकडं झालेलं. जीभ लुळी पडलेली.

ठमी : हो. माझं डोकं चालत नाहीये.

बाबा : एक हात चालत होता तिचा.

ठमी : बाबा, राहू दे.

बाबा : त्या हाताने माझा गुडघा ओढत होती. सारखी. इथे, स्टिअरिंगच्या खाली वाकायला बघायची आणि कलंडायची. मी म्हटलं, घाबरू नकोस, होईल चालू. पुन्हा तेच. पुन्हा गुडघा. तेव्हा मी ओरडलो तिच्यावर. 'गप्प बस की जरा!' म्हणालो आणि तिचा हात धरून तिच्या मांडीवर आपटला.

ठमी : बाबा.

बाबा : मग ती गप्प बसली. नुसती बघत राहिली माझ्याकडे. शेवटी दूधवाल्याच्या टेम्पोत घातली तिला. डॉक्टर म्हणाले, जरा आधी आणायला हवं होतं.

ठमी : तुम्हाला काय माहीत होतं? कुणालाच माहीत नव्हतं.

बाबा : तिला होतं. लाव तो फ्यूज.

ठमी : आता कशाला?

बाबा : लाव. खोबण रिकामी ठेवायची नाही.

ठमी : लावला. बसला.

बाबा : किल्ली दे. मी फिरवतो. गप्प राहा जरा.

ठमी : ...आली. घुंई आली, बाबा.

बाबा : आली. आता स्टार्टर.

ठमी : पहिल्या फटक्यात!

बाबा : हं. काहीच बिघडलेलं नव्हतं हिचं.

ठमी : बाबा, फाटक वाजलं. दादा आला. बरं झालं, त्याला आत्ताच सांगते. तुमचा काही दोष नव्हता म्हणून सांगते.

बाबा : काही सांगायचं नाही.

ठमी : का? तुम्हाला हेच तर हवं होतं ना?

बाबा : मला कळायला हवं होतं, कळलं. त्याला काय सांगणार? तुझ्या आईने स्वतःच्या हाताने... नाही. आई म्हणजे जीव की प्राण होती त्याचा. माझ्यावर चिडलाय, चिडू दे, मी ऐकून घ्यायला जिवंत आहे. तिच्यावर चिडला तर कुणाशी भांडेल तो?

ठमी : आणि तुम्ही?

बाबा : झाकण लाव, ठमे. कान तुटतील, हळू.

दादा : ठमे, ही गाडी चालू कशी झाली?

ठमी : दादा, ऐक—

बाबा : बॅटरी चार्ज करून आणली. घातली, चालू झाली.

दादा : मी तुझ्याशी बोलतोय, ठमे. दुसरं काही केलंत? काही बदललंत?

ठमी : नाही. बदललं काहीच नाही.

दादा : म्हणजे बॅटरीच होती.

बाबा : बॅटरीच होती.

दादा : मग ते इंजिन फिरत होतं, पकडत नव्हतं, ते सगळं काय होतं?

बाबा : मला तसं वाटलं असेल. तू म्हणतोस तेच. दिवे राहिले असतील चालू.

दादा : असतील?

बाबा : राहिले.

दादा : हे त्याच दिवशी कबूल केलं असतंत तर... जाऊ दे. आता काय उपयोग? सकाळी लवकर येणार आहे तो माणूस. गाडी रिकामी करून ठेवा.

बाबा : ठेवतो.

दादा : ठमे, तू पण चल आत.

ठमी : येते. इंजिन बंद करते. बाबा आत चाललेत, दादा. हात धर त्यांचा, त्यांना पायरी दिसत नाही.