लपवलेलं मॉड

रहाटणीच्या थांब्यावर चाकणच्या कंपनीची बस अजून आली नव्हती. समोरचं गॅरेज उघडायला आलेला शौकत कुलपात किल्ली घालून तसाच उभा राहिला. थांब्यावरची पोरगी गळ्यातलं ओळखपत्र मुठीत आवळून शेजारच्याला फैलावर घेत होती.

“भीमराज, मला गेमच्या ग्रुपमधून काढताना तूही हो म्हणालास?”

“सगळेच म्हणाले, सादिका. तू मॉड वापरतेस, अशी चर्चा होती.”

“मॉड म्हणजे ती गेमची चोरटी कॉपी ना? भिंतीपलीकडचा माणूस दाखवणारी?”

“तीच.”

“ती कोण वापरतं, माहीत नाही का मला? एवढ्या धुरातून तुझी गोळी बरोबर डोक्यातच कशी बसते रे?”

“मी एकटा नाही. आपल्या लाइनवरच्या सगळ्यांच्या मोबाइलमध्ये आहे. साधी गेम आता खेळतं कोण?”

“मी खेळते.”

“आणि तरी जिंकतेस. तेच तर.”

“म्हणजे चोरांनी मिळून मला चोर ठरवलं.”

“तसं नाही गं. सगळ्यांना वाटतं, तुझ्याकडं आमच्यापेक्षा भारी मॉड आहे आणि तू एकटीच दाबून बसलीस. लिंक दे, लगेच परत घेतील.”

“अरे, रोज बसमध्ये तुझ्या शेजारी बसून खेळते मी. माझा मोबाइल दिसत नाही तुला?”

“दिसतो की. रोज बघतो. कुठं लपवलंयस, तेवढंच सापडत नाही.”