बारावं पत्र

मंत्री : "या बारा वीरांच्या रक्तावर हा देश उभा आहे, आणि जगाच्या अंतापर्यंत असाच उभा राहील." कसं वाटतं?

पोस्टरवाला : अकरा, साहेब.

मंत्री : काय अकरा?

पोस्टरवाला : वीर. बारावा मी. हा काय तुमच्यासमोर, खळीची बादली घेऊन.

मंत्री : ती बादली आधी बाहेर ठेव. मुख्याध्यापकांनी तासाभरासाठी खोली दिलीय. आणि आकडे मला शिकवू नकोस. मैदानातल्या दगडावर बारा नावं कोरून झालीत.

पोस्टरवाला : शेवटचं माझं. पाहून आलो. अक्षर सुबक काढलंय.

मंत्री : मग आणखी काय हवं?

पोस्टरवाला : आज मी आईला सांगणार आहे.

मंत्री : आज? अरे, तिच्याच हातून दगडावरचा पडदा सरकवायचाय. शेजारच्या वर्गात बसलीय ती. बाया तिला बिल्ला लावतायत.

पोस्टरवाला : डॉक्टर म्हणाले, तिचा फार तर महिना. साहेब, मी तुमच्या ऑफिसातला माणूस म्हणून दर महिन्याला तिच्याकडे जातो. ती मला माझ्याच गोष्टी सांगते. मी मान हलवतो. मला एकदा तिच्या तोंडून माझं नाव ऐकायचंय, पुढे 'हुतात्मा' न लावता.

मंत्री : तू शत्रूच्या कैदेतून सुटून आलास, तेव्हा मी काय म्हणालो होतो?

पोस्टरवाला : मतदान होऊ दे, मग सांगू.

मंत्री : मग?

पोस्टरवाला : मग मतदान झालं. मग पोटनिवडणूक आली. मग तुम्ही पडलात, आणि पडलेल्या माणसाला त्रास नको म्हणून मीच गप्प बसलो. मग तुम्ही निवडून आलात, मग मंत्री झालात. सदतीस वर्षं झाली. तेवढ्या काळात माझा फोटो असलेली पोस्टरं मीच भिंतींवर लावली. माझ्याच नाकावरून मी ब्रश फिरवतो, साहेब. मेल्याहून मेल्यासारखं होतं, हे मी नुसतं म्हणायचं म्हणून म्हणत नाही.

मंत्री : पहिल्याच दिवशी सरळ घरी का गेला नाहीस?

पोस्टरवाला : निघालो होतो. वाटेत या मैदानात तुमची सभा. आई मंचावर, आणि तुम्ही माझ्या मरणाचं पत्र वाचताय. मी मागे उभा राहून ऐकलं. मलाही रडू आलं.

मंत्री : पत्र चांगलं होतं.

पोस्टरवाला : चांगलंच होतं. पण मी जिवंत असताना लिहिलेलं.

मंत्री : तुकडीचा अधिकारी म्हणून सगळ्यांचीच मी तशी लिहिली होती. लढाईनंतर सवड मिळत नाही, कागद मिळत नाही, म्हणून आदल्या संध्याकाळीच बारा घरांना बारा पत्रं लिहून ठेवली. जो जिवंत परतेल त्याचं फाडायचं, असं ठरवलं होतं. मग मला अहवाल द्यायला मागे बोलावलं, तुम्ही बाराजण पुलावर लढत राहिलात, आणि कारकुनाने गठ्ठा तसाच टपालात टाकला. अरे, लढाईत माझ्या हातून झालेलं ते एकच काम. बंदूक मी उचललीच नाही. त्या पत्रांवर लोकांनी मला उचललं. त्यातलं एक खोटं ठरलं तर उरलेल्या अकरा आया माझ्याकडे कशा बघतील, सांग ना.

पोस्टरवाला : ते मला माहीत नाही. माझी एकच आहे.

मंत्री : कार्यक्रम होऊ दे. एक तास थांब.

पोस्टरवाला : तुमचा तो तास कधी संपतच नाही.

मंत्री : हात जोडतो तुला.

पोस्टरवाला : जोडू नका. मंत्री आहात.

मंत्री : …जा. सांग जा. मलाही हे ओझं पेलवेना झालंय. दार लोटून घे.

(पंधरा मिनिटांनी. पोस्टरवाला परत येतो, दाराशीच थांबतो.)

मंत्री : सांगितलंस?

पोस्टरवाला : सांगितलं.

मंत्री : मग ती रडली? मला शिव्या दिल्या?

पोस्टरवाला : चष्मा मागून घेतला. बराच वेळ बघत राहिली. मग म्हणाली, तू चौथा.

मंत्री : चौथा कसा?

पोस्टरवाला : निवडणुकीत अधूनमधून कुणीतरी येतो म्हणे, मी तुझा मुलगा म्हणून. बहुतेक विरोधी पक्षाचे. एकाला तिने जेवू घालून पाठवलं.

मंत्री : अरे, पण खुणा असतील ना. कोपरावरचा भाजल्याचा डाग?

पोस्टरवाला : दाखवला. म्हणाली, ते पान बारावर आहे. विहिरीत पडलो ते पान चौदावर. तुमच्या प्रचाराची पुस्तिका तिला पाठ आहे.

मंत्री : त्या आठवणी तर तूच मला सांगितल्या होत्यास.

पोस्टरवाला : हो. तुम्ही म्हणालात, मजकूर कमी पडतोय.

मंत्री : पुस्तिकेत नाही असं काही?

पोस्टरवाला : तेच तिने विचारलं. घर सोडताना उंबऱ्यात मला काय म्हणाला होतास, ते सांग. मी म्हणालो, "आई, काळजी करू नकोस, मी मान खाली घालणार नाही." ती म्हणाली, ते पत्रात आहे. आणि साहेब, खरंच ते तुमचंच वाक्य. माझं मला आठवेना.

मंत्री : चल, मी येतो. मी सांगतो तिला.

पोस्टरवाला : नका. ती रागावली नाहीये. माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाली, बाळा, तू माझा असतास, तर जिवंत असून सदतीस वर्षं मला न सांगता राहिला असतास का?

मंत्री : (भाषणाचा कागद खिशात घालतो.)

पोस्टरवाला : माइकवर तुमचं नाव पुकारतायत. जा तुम्ही.

मंत्री : कुठल्या तोंडाने जाऊ? तुझ्यासाठी काय करू, ते तरी सांग. काहीही माग.

पोस्टरवाला : तसं काही नाही. हुतात्म्यांसाठी ती दोन मिनिटं उभं राहून शांतता पाळतात ना, तेव्हा मी मागे बसून राहिलो तर चालेल का? गुडघा फार दुखतो हल्ली.