निवृत्तीच्या दिवशीची सुनावणी

आदरणीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावरचे सन्माननीय पाहुणे, पाणीपुरवठा कचेरीतले सर्व लहानमोठे कर्मचारी, त्यांच्या घरची मंडळी, आणि ज्यांच्या निरोपासाठी आपण जमलो आहोत ते आमचे 'हे', सर्वांना माझा नमस्कार.

निवृत्त होणाऱ्या साहेबांच्या पत्नीने दोन शब्द बोलावेत, अशी इथली पद्धत आहे म्हणे. हेडक्लार्क भाऊंनी ते दोन शब्द लिहूनही दिलेत. अक्षर सुरेख आहे. पण मी मॅट्रिक झालेली बाई आहे, दोन शब्द माझे मला सुचतात.

आधी चांगलं सांगते, कारण ते खरं आहे. अख्ख्या नोकरीत यांनी कचेरीचं एक पेन घरी आणलं नाही. आणि घरातला न्याय म्हणाल तर विचारू नका! एकदा दूध उतू गेलं. यांनी मला विचारलं, सासूबाईंना विचारलं, धाकट्याला अभ्यासावरून उठवून विचारलं. तोवर पातेलं करपलं, पण निकाल मात्र सगळ्यांचं ऐकूनच लागला.

मग मला सांगा, हाच माणूस कचेरीच्या पायऱ्या चढला की बहिरा कसा होतो?

अध्यक्ष महोदय, रागावू नका. चांगलं बोलायला आतापर्यंत पाच जण येऊन गेलेत.

गेल्या उन्हाळ्यात खालच्या वस्तीत गढूळ पाणी गेलं. लोक भरलेल्या बादल्या घेऊन कचेरीवर आले. त्या पाळीला पंपघरात दोघे होते. एक कायम नोकरीतले सुपरवायझर, दुसरे कंत्राटावरचे पंपचालक. सुपरवायझरांना नोटीस गेली. त्यांनी उत्तर दिलं, चौकशीच्या तारखा पडल्या, बाजू मांडायला सोबत जाणकार माणूस मिळाला, आणि ते निर्दोष सुटले. आनंद आहे. पंपचालकांना मात्र त्याच संध्याकाळी फाटकावरच्या पहारेकऱ्याने कागद दिला. 'कामात हलगर्जी. उद्यापासून येऊ नये.'

जेवताना मी यांना विचारलं, "काय झालं ते त्यांना विचारलंत का?"

"अगं, तो कंत्राटी आहे. त्याला विचारायची तरतूद नाही."

"कंत्राटी म्हणजे मुका का हो?"

"तसं नव्हे. त्याला काढलेलंच नाही मुळी. करार संपवलाय."

"मग नुसतं करार संपला असं लिहायचं. हलगर्जी कशाला लिहिलंत?"

"भाजी वाढ."

वाढली भाजी. पण तो एक शब्द हात धुऊन त्या माणसाच्या मागे लागला. जिथे काम मागायला जावं तिथे आधीचा कागद मागतात, वाचतात आणि 'कळवू' म्हणतात. त्यांची बायको माझ्याकडे आली. म्हणाली, "काकू, नोकरी परत द्या असं नाही म्हणत मी. एकदा आमच्या यांना समोर बसवून विचारा. मग काय लिहायचं ते लिहा."

आता तुम्ही म्हणाल, त्यांची चूक होती की नव्हती? मला माहीत नाही. यांनाही माहीत नाही. हीच तर माझी तक्रार आहे!

रोज सकाळी मी देवापुढे बसून तीच तीच गाऱ्हाणी सांगते. देवालाही कंटाळा येत असेल. पण 'तुमच्यासाठी तरतूद नाही' असं त्याने अजून म्हटलेलं नाही.

हे मला डोळ्यांनी खुणावताहेत, पुरे म्हणून. अहो, मघाशी तुमची स्तुती चालली होती तेव्हा तुम्हाला पुरे वाटलं नाही!

तर, घरच्यांसाठी म्हणून आम्हाला निमंत्रणं मिळाली होती. धाकटा आणि सून परगावी आहेत. काही वाया घालवायचं माझ्या जिवावर येतं, म्हणून ती मी पंपचालकांना आणि त्यांच्या बायकोला दिली. दोघं शेवटच्या रांगेत बसलेत. भाऊ, उठू नका. तुम्ही पाहुणे आहात.

हेडक्लार्क भाऊंना मी विचारून ठेवलंय. आज कचेरी सुटेपर्यंत सही यांचीच चालते. तो कागद मागे घ्यावा, त्यांचं ऐकावं आणि मग काय तो निर्णय द्यावा, याला कुठलाच नियम आडवा येत नाही. तरतूद नाही म्हणजे मनाई आहे, असं थोडंच आहे? उद्या नवे साहेब येतील आणि 'हे माझ्या आधीचं प्रकरण' म्हणून हात झटकतील.

काय म्हणालात? मोठ्याने बोला, मागे ऐकू जात नाही.

"ऐकायला बसतो" म्हणताहेत. ऐकलंत ना सगळ्यांनी? मग हार काढून बसा, म्हणजे लिहिताना मध्ये येणार नाही. हेडक्लार्क भाऊ, कपाटाला इतक्यात कुलूप लावू नका. आणि पंपचालक भाऊ, घाबरू नका, सावकाश सांगा. घरी यांना सगळं ऐकून घ्यायची सवय आहे.

अध्यक्ष महोदयांनी मला मध्येच खाली बसवलं नाही, याबद्दल त्यांचे आणि आपणा सर्वांचे मनापासून आभार. बोलताना माझं काही चुकलं असेल तर मोठ्या मनाने पोटात घाला. आणि घालायचं नसेल, तर आधी मला समोर बसवून विचारा, मग ठरवा.